‘अशुद्ध’ रक्त खरेच अशुद्ध असते का?

तपासणीसाठी कोपराजवळच्या शिरेतून रक्त काढले की सिरिंजमध्ये येणारे रक्त काळपट दिसते. ते पाहून रुग्ण हमखास विचारतो, ‘डॉक्टरसाहेब, माझं रगत एवढं काळं काऊन?’ जवळ बसलेले नातेवाईक लगेच निदानही करून मोकळे होतात, की रक्त अशुद्ध झाले आहे, उष्णता झाली आहे. मग घरी जाताना रक्तशुद्धीची एखादी बाटली घेतली जाते. पुढच्या वेळी रक्त काढले तरी ते तेवढेच काळपट निघते, कारण निरोगी माणसाच्या शिरेतील रक्त तसेच असते.

या गैरसमजाचे मूळ थोडेफार आपल्या शाळेच्या पुस्तकात आहे. हृदयाच्या चित्रात एक बाजू तांबडी आणि दुसरी निळी रंगवलेली असायची. तांबड्या बाजूला ‘शुद्ध रक्त’ आणि निळ्या बाजूला ‘अशुद्ध रक्त’ असे लिहिलेले असायचे. गुरुजींनी ते सोपे करून सांगितले, पण ‘अशुद्ध’ हा शब्द मनात घर करून बसला. शास्त्रात या काळपट रक्तातील द्रव्याला जे नाव आहे त्याचा शुद्धतेशी काहीही संबंध नाही. ते नाव आहे डीऑक्सिहिमोग्लोबिन. हा शब्द लांबलचक असला तरी भंडारा जिल्ह्यातील प्रत्येक घराने त्याचा अर्थ समजून घ्यावा असे मला वाटते. आपल्याकडे मोठ्या प्रमाणात आढळणाऱ्या एका आजाराची सगळी गोम या एका शब्दात आहे.

शब्दाचा अर्थ

आपल्या रक्ताला तांबडा रंग येतो तो तांबड्या पेशींतील हिमोग्लोबिनमुळे. हिमोग्लोबिन हे लोहयुक्त प्रथिन आहे. त्याच्या एका रेणूत लोहाचे चार अणू असतात आणि प्रत्येक अणूवर प्राणवायूचा एक रेणू बसू शकतो. चार आसनांची गाडी म्हणा ना! फुप्फुसात ही गाडी भरते. प्राणवायू घेतलेल्या हिमोग्लोबिनला ऑक्सिहिमोग्लोबिन म्हणतात. ते लालभडक असते. पुढे स्नायू, मेंदू, मूत्रपिंड अशा ठिकाणी प्राणवायू उतरवून दिला की जे उरते ते डीऑक्सिहिमोग्लोबिन. ‘डी’ म्हणजे काढून घेतलेले. म्हणजेच प्राणवायू पोचवून परत निघालेले हिमोग्लोबिन. त्याचा रंग गडद, काळपट तांबडा असतो.

काळपट रक्त हवेत हलवले तर ते पुन्हा लाल होते. त्याने हवेतला प्राणवायू घेतलेला असतो. खरी घाण असती तर ती अशी क्षणात गेली नसती.

आता थोडे आकडे पाहू. हिमोग्लोबिन १५ ग्रॅम असलेल्या निरोगी माणसाच्या रोहिणीतील, म्हणजे धमनीतील, १०० मिलिलिटर रक्तात सुमारे २० मिलिलिटर प्राणवायू असतो. शरीरभर फिरून नीलेतून परत येणाऱ्या रक्तात, माणूस स्वस्थ बसलेला असेल तर, सुमारे १५ मिलिलिटर शिल्लक असतो. ज्याला आपण अशुद्ध म्हणतो त्या रक्तात प्राणवायूचा तीन चतुर्थांश साठा तसाच असतो. धावपळ केली किंवा ताप आला तर स्नायू त्यातला आणखी काही भाग घेतात.

शिरेला ‘नीला’ हे नाव पडले ते ती त्वचेखालून निळसर दिसते म्हणून. पण माणसाचे रक्त कधीच निळे नसते. त्वचेतून जाणाऱ्या आणि परत येणाऱ्या प्रकाशामुळे आपल्या डोळ्यांना तसे भासते.

नावांचा घोळ

जुन्या वैद्यकीय पुस्तकांत डीऑक्सिहिमोग्लोबिनला ‘रिड्यूस्ड हिमोग्लोबिन’ म्हटलेले आढळते. काही जण त्याचा अर्थ ‘कमी झालेले हिमोग्लोबिन’ असा घेतात. तो अर्थ चुकीचा आहे. हिमोग्लोबिन जेवढे होते तेवढेच असते, फक्त त्यावरचा प्राणवायू उतरलेला असतो. रसायनशास्त्राच्या दृष्टीनेही ते जुने नाव फारसे नेमके नाही. म्हणून आता डीऑक्सिहिमोग्लोबिन हाच शब्द वापरतात.

याच्याशी मिळतेजुळते आणखी एक नाव म्हणजे मेथहिमोग्लोबिन. ती मात्र वेगळी गोष्ट आहे. त्यात हिमोग्लोबिनमधील लोह जणू गंजते आणि मग त्यावर प्राणवायू बसतच नाही. असे रक्त चॉकलेटी दिसते आणि हवेत हलवले तरी लाल होत नाही. कुष्ठरोगाच्या उपचारातील डॅप्सोन या गोळीने काही रुग्णांत असे घडू शकते. खतांमुळे नायट्रेट वाढलेल्या विहिरीच्या पाण्यात तान्ह्या बाळाचे दूध कालवल्यानेही ते होऊ शकते. बाळ निळे पडले तर दवाखाना गाठावा.

दोन आकडे, दोन अर्थ

कोरोनाच्या साथीत २०२० आणि २०२१ साली बोटाला लावायचे ऑक्सिमीटर घराघरांत पोचले. हे यंत्र काय मोजते? त्यातून दोन प्रकारचे प्रकाशकिरण बोटातून जातात, एक तांबडा आणि दुसरा डोळ्यांना न दिसणारा अवरक्त. डीऑक्सिहिमोग्लोबिन तांबडा प्रकाश जास्त शोषते. त्यावरून रक्तातील किती टक्के हिमोग्लोबिन भरलेले आहे आणि किती रिकामे, याचा हिशेब यंत्र करते. नाडीच्या ठोक्याचा आधार घेऊन असा हिशेब करण्याची कल्पना जपानचे ताकुओ आओयागी यांनी १९७४ साली मांडली. निरोगी माणसात हा आकडा साधारण ९५ ते १०० असतो.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घ्यावी. ऑक्सिमीटर टक्केवारी सांगतो, हिमोग्लोबिन किती आहे ते सांगत नाही. गाडीत चारही आसने भरलेली आहेत, पण गाड्याच पाच असायच्या तिथे दोन असतील तर काय उपयोग? हिमोग्लोबिन ५ ग्रॅम असलेल्या बाईचा ऑक्सिमीटर ९८ दाखवू शकतो. म्हणून ‘ऑक्सिजन चांगला आहे’ म्हणून अशक्तपणाकडे दुर्लक्ष करू नये.

याच्या उलट बाजूही तेवढीच महत्त्वाची आहे. ओठ, जीभ, नखे निळी पडली की आपण घाबरतो, आणि घाबरायलाच हवे. हा निळेपणा केशवाहिन्यांतील १०० मिलिलिटर रक्तात सुमारे ५ ग्रॅम डीऑक्सिहिमोग्लोबिन साठले की दिसू लागतो. आता ज्या मुलाचे एकूण हिमोग्लोबिनच ६ ग्रॅम आहे त्याच्या रक्तात ५ ग्रॅम डीऑक्सिहिमोग्लोबिन साठेपर्यंत आपण थांबायचे का? तोवर त्याचे जगणेच कठीण होईल. म्हणजे फार रक्त कमी असलेले मूल न्यूमोनियाने गुदमरत असले तरी निळे दिसेलच असे नाही. ते नुसते पांढरेफटक दिसते. अशा मुलाचा श्वास किती जलद चालतो आणि छाती आत ओढली जाते का, हे पाहावे. निळेपणाची वाट पाहत बसू नये.

हिवाळ्यात बंद खोलीत शेगडी पेटवून झोपण्याबद्दलही येथेच सांगून ठेवतो. कोळशाच्या धुरातील कार्बन मोनॉक्साइड हिमोग्लोबिनवर प्राणवायूची जागा बळकावतो. असे रक्त लालच दिसते आणि साधा ऑक्सिमीटरही फसून आकडा चांगला दाखवतो. डोके दुखणे, मळमळ, गुंगी अशी लक्षणे दिसली तर आधी दारे-खिडक्या उघडून माणसाला बाहेर आणावे आणि लगेच दवाखान्यात न्यावे.

आपल्या जिल्ह्याचा प्रश्न

बहुतेक माणसांत डीऑक्सिहिमोग्लोबिन ही निरुपद्रवी, रोजची अवस्था आहे. एका आजारात मात्र तीच घातक ठरते. तो आजार म्हणजे सिकलसेल.

विदर्भात हा आजार असल्याचे फार पूर्वीपासून माहीत आहे. मध्य भारतातील सिकलसेलविषयी शुक्ला आणि सोळंकी यांचा लेख ‘लॅन्सेट’ या प्रसिद्ध वैद्यकीय नियतकालिकात १९५८ साली आला होता. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूर, नागपूर या पट्ट्यात आदिवासी, अनुसूचित जाती आणि इतर मागासवर्गीय अशा अनेक समाजांत तो आढळतो. तो कुठल्याही एका जातीचा आजार नाही आणि कुणाच्या पापाचे फळही नाही. तो आईबापांकडून येणाऱ्या जनुकाचा दोष आहे.

सिकल म्हणजे विळा. आपल्याकडे धान कापायला वापरतात तो इळाच. शिकागोचे डॉ. जेम्स हेरिक यांनी १९१० साली ग्रेनाडा बेटावरून शिकायला आलेल्या एका तरुणाच्या रक्तात विळ्याच्या आकाराच्या पेशी असल्याचे प्रसिद्ध केले. पुढे १९२७ साली हान आणि गिलेस्पी यांनी दाखवले की प्राणवायू काढून घेतला की या पेशी वाकतात आणि तो परत दिला की पूर्ववत होतात. १९४९ साली लायनस पॉलिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या रुग्णांचे हिमोग्लोबिनच वेगळे असल्याचे सिद्ध केले. त्यानंतर व्हर्नन इंग्रॅम यांनी नेमका फरक शोधला. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत १४६ अमिनो आम्ले असतात. त्यांतील सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन आलेले असते. एवढाच काय तो फरक!

पण हा एक बदल डीऑक्सिहिमोग्लोबिनच्या अवस्थेत भोवतो. प्राणवायू उतरला की हिमोग्लोबिनच्या रेणूचा आकार किंचित बदलतो आणि त्यात एक खाच उघडी पडते. शेजारच्या रेणूवरील ते व्हॅलिन या खाचेत जाऊन बसते. मग एकाला एक रेणू चिकटत लांब दोऱ्या तयार होतात. त्या ताठ दोऱ्यांनी पेशी विळ्यासारखी वाकते. ती कडक होते, बारीक केशवाहिनीत अडकते आणि मागचा प्रवाह थांबवते. सांध्यांत, हाडांत, पोटात, छातीत असह्य वेदना उठतात त्या यामुळे. प्राणवायू मिळाला की पेशी सरळ होते, पण असे वारंवार झाले की ती कायमची वाकडी राहते आणि लवकर फुटते. साधारण तांबडी पेशी १२० दिवस जगते, सिकलची पेशी १० ते २० दिवसच. रक्त कमी होते आणि डोळे पिवळे दिसतात ते त्यामुळे.

पथ्यामागचे कारण

सिकलसेलच्या रुग्णाला आम्ही डॉक्टर मंडळी ढीगभर सूचना देतो. त्या पाठ करण्यापेक्षा एकच सूत्र लक्षात ठेवावे. हिमोग्लोबिन डीऑक्सि अवस्थेत जितका जास्त वेळ राहील आणि पेशीत जितके दाटून राहील, तितकी पेशी वाकण्याची शक्यता वाढते. बाकी सारे पथ्य यातून आपोआप समजते.

पाणी भरपूर प्यावे. शरीरातले पाणी कमी झाले की पेशीतलेही कमी होते, हिमोग्लोबिन दाट होते आणि दोऱ्या झपाट्याने बनतात. आपल्याकडे मे महिन्यात तेंदूपाने तोडायला पहाटेच रानात जाणाऱ्या रुग्णाने पाण्याची बाटली सोबत नेलीच पाहिजे. जुलाब-उलट्या सुरू झाल्या तर पहिल्या दिवसापासून मीठ-साखरेचे पाणी द्यावे.

थंडीपासून जपावे. थंडीने रक्तवाहिन्या आकसतात, प्रवाह मंदावतो आणि पेशी प्राणवायूविना अधिक वेळ रेंगाळते. रोवणीच्या दिवसांत पावसात तासन् तास बांधीतील पाण्यात उभे राहणे सिकलसेलच्या रुग्णाला सोसत नाही. घरच्यांनी हा आळशीपणा समजू नये. त्याला दुसरे काम द्यावे.

ताप अंगावर काढू नये. शरीर तापले आणि रक्तात आम्लता वाढली की हिमोग्लोबिन प्राणवायू अधिक सहजपणे सोडते. शिवाय या रुग्णांची प्लीहा लहानपणीच निकामी होऊ लागते, त्यामुळे जंतुसंसर्ग झपाट्याने पसरतो. लहान मुलाला १०१ अंशांवर ताप गेला तर रात्र काढत बसू नये.

फार दमवणारे काम आणि फार उंचीचा प्रवास टाळावा. केदारनाथ साडेतीन हजार मीटरांहून उंच आहे. तेथील हवेत प्राणवायूचा दाब कमी असतो. यात्रेला निघण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे. शस्त्रक्रिया ठरली तर भूल देणाऱ्या डॉक्टरांना आजाराबद्दल आधीच सांगावे.

औषधांत हायड्रॉक्सियुरिया हे महत्त्वाचे आहे. ते गर्भावस्थेतील हिमोग्लोबिनचे प्रमाण वाढवते, आणि हे हिमोग्लोबिन त्या दोऱ्यांत सामील होत नाही. जन्मल्यावर पहिले काही महिने सिकलसेलचे बाळ ठणठणीत दिसते तेही याच हिमोग्लोबिनमुळे. हे औषध नियमित रक्ततपासणी करून डॉक्टरांच्या देखरेखीखालीच घ्यावे. गर्भधारणेचा विचार असेल तर आधी सांगावे. फॉलिक ॲसिडची गोळी चालू ठेवावी. पण ‘रक्त कमी आहे’ म्हणून लोहाचे टॉनिक स्वतःच्या मनाने सुरू करू नये. पुष्कळदा रक्त चढवलेल्या रुग्णाच्या शरीरात लोह आधीच जादा झालेले असते. रक्तशुद्धीच्या बाटलीने तर सहाव्या जागेवरचे ते व्हॅलिन हलत नाही.

तपासणीतही तोच शब्द

सिकलसेलची पहिली चाचणी म्हणजे विद्राव्यता चाचणी, अर्थात सोल्युबिलिटी टेस्ट. नळीतील द्रावणात सोडियम डायथायोनाइट हे रसायन असते. ते रक्तातला प्राणवायू काढून घेते, म्हणजे हिमोग्लोबिनला मुद्दाम डीऑक्सि करते. सिकलचे हिमोग्लोबिन या अवस्थेत विरघळत नाही, म्हणून द्रावण गढूळ होते आणि नळीमागे धरलेल्या कागदावरच्या रेघा दिसेनाशा होतात. शरीरात जे घडते तेच येथे नळीत घडवून पाहिलेले असते.

पण ही चाचणी सकारात्मक आली म्हणजे माणूस रुग्ण आहे की नुसता वाहक, हे तिने कळत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही पुढची तपासणी लागते. ती केल्याशिवाय कुणाच्याही नावापुढे ‘सिकलवाला’ असा शिक्का मारू नये. सहा महिन्यांच्या आतील बाळात विद्राव्यता चाचणीवर विसंबता येत नाही. नुकतेच रक्त चढवले असेल तर तेही सांगावे.

वाहकात निम्म्याहून कमी हिमोग्लोबिन सिकलचे असते. तो सर्वसाधारणपणे निरोगी असतो, शेती करतो, खेळतो, पूर्ण आयुष्य जगतो. त्याला औषध लागत नाही. प्रश्न येतो तो लग्नाच्या वेळी. दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात मूल रुग्ण होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५० टक्के आणि पूर्ण निर्दोष असण्याची २५ टक्के असते. पहिले मूल रुग्ण निघाले म्हणून पुढची तीन निर्दोष होतील, असा हिशेब करू नये. प्रत्येक वेळी शक्यता तीच राहते. म्हणून सोयरीक ठरवताना कुंडलीच्या आधी दोघांचे रक्ततपासणीचे कागद पाहावेत. मूल रुग्ण निघाले की सुनेला दोष देण्याची रीत आजही दिसते. त्यांना मी एवढेच सांगेन, की सिकलसेलचा रुग्ण जन्माला येतो तेव्हा एक जनुक आईकडून आणि एक बापाकडून आलेले असते.

१ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून राष्ट्रीय सिकलसेल ॲनिमिया निर्मूलन मोहीम सुरू झाली. २०४७ पर्यंत या आजाराचे निर्मूलन करण्याचे तिचे उद्दिष्ट आहे. सरकारी दवाखान्यात ही तपासणी उपलब्ध असते. आशाताईंना किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रात विचारावे. विशेषतः शाळा-कॉलेजात जाणाऱ्या मुलामुलींची तपासणी लग्नाचा विषय निघण्यापूर्वीच करून घ्यावी.

ताबडतोब दवाखाना गाठावा अशी लक्षणे

सिकलसेलच्या रुग्णाला ताप, छातीत दुखणे किंवा धाप. हातापायातील शक्ती एकाएकी जाणे, बोलणे अडखळणे, फिट येणे. लहान मुलाचे पोट डाव्या बाजूला अचानक फुगून ते पांढरेफटक पडणे. लहानग्याच्या हातापायाचे पंजे सुजून रडू न थांबणे. पॅरासिटामॉल आणि पाणी देऊनही वेदना न थांबणे. यांपैकी काहीही झाले तर उद्यावर टाकू नये. रुग्णाचे सिकलसेलचे कार्ड सोबत घ्यावे आणि दवाखान्यात पोचताच पहिल्या वाक्यात सांगावे, ‘याला सिकलसेल आहे.’ त्याने उपचाराची दिशा लगेच ठरते.